कोयनेखाली गेलेल्या गावावर माहितीपट करायचाय, सुरुवात कुठून करू?

प्रश्न थोडक्यात असा: आजोबांचं गाव जावळी खोऱ्यातलं. कोयना धरणाचं पाणी चढलं तेव्हा कुटुंब रायगड जिल्ह्यात आलं. आजोबा गेले, आजी आहेत. प्रश्न विचारणाऱ्या ताईंनी दोन लघुपट केले आहेत आणि आता त्यांना या गावावर माहितीपट करायचाय. हातात पैसा नाही, जुने फोटो जवळपास नाहीत, छापील इतिहासात गावाचं नावही नाही, आणि म्हातारी माणसं एकाच घटनेच्या वेगवेगळ्या तारखा सांगतात. सुरुवात कुठून करावी, आणि जे दाखवायला काहीच उरलेलं नाही ते प्रसंग नट घेऊन उभे करावेत का?

ताई, माहितीपट सध्या बाजूला ठेवा आणि याच महिन्यात आवाज ध्वनिमुद्रित करायला लागा. १९६१ साली दहा वर्षांचं असलेलं पोर आज पंचाहत्तरीला टेकलंय. त्या वेळी संसार सांभाळणाऱ्या बायका नव्वदीच्या आसपास आहेत आणि त्यातल्या फार थोड्या उरल्या आहेत. पटकथा, निधी, परवानग्या, चांगला कॅमेरा या सगळ्यासाठी पुढचं वर्ष आहे. त्या आजींसाठी ते असेलच असं नाही. म्हणून पहिल्या टप्प्यात मुलाखत फिल्मसाठी घेऊच नका, नोंदीसाठी घ्या. फिल्मसाठी मुलाखत घेणारा माणूस आपल्याला हवं ते वाक्य मिळालं की मनातून उठतो, आणि समोरच्याला ते लगेच कळतं. नोंद घेणारा बसून राहतो. माहितीपट शेवटी तासाभराचा होईल. त्यामागे जमलेलं अखंड ध्वनिमुद्रण हा तुमच्या गावाचा इतिहास असेल आणि फिल्म हे त्याचं तुम्ही केलेलं एक वाचन असेल. ही गोष्ट मनाशी पक्की झाली की बाकीचे बरेच निर्णय आपोआप सोपे होतात.

तुमच्या गावाचं नाव का सापडत नाही, तेही समजून घ्या, कारण फिल्मचा आशय तिथेच आहे. कोयना काही अज्ञात नाही. १०३ मीटर उंचीचं धरण, शिवसागर जलाशय, 'महाराष्ट्राची भाग्यरेखा' हे बिरुद, आणि ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा भूकंप, एवढं सगळ्यांना ठाऊक असतं. वीज आणि भूकंप या दोन मोठ्या गोष्टींच्या मध्ये गावं उठल्याची गोष्ट दबून गेली. महाराष्ट्राने प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा स्वतंत्र कायदा केला तो १९७६ साली. तुमचे आजोबा त्याच्या कितीतरी आधी उठले. पुढे एकेका खोऱ्यातली कुटुंबं ठाणे, रायगड, रत्नागिरी, सांगली, सोलापूर अशी पांगली. गाव एकत्र राहिलं की कोणीतरी त्याची बखर लिहितं, जत्रेत गोष्टी सांगितल्या जातात, शाळेचा सुवर्णमहोत्सव होतो. पांगलेल्या गावाला हे काही मिळत नाही. नातवंडं नव्या जागेचाच भूगोल शिकतात.

आता मुलाखतीकडे येतो. 'धरण झालं तेव्हा काय वाटलं?' हा प्रश्न कृपा करून विचारू नका. या प्रश्नाला सगळ्यांचं उत्तर तयार असतं: 'काय वाटणार, सरकारपुढं काय चालतं?' ते उत्तर खोटं नाही, पण पत्रकारांना, अधिकाऱ्यांना आणि मोर्चांत देऊन देऊन गुळगुळीत झालंय. त्याऐवजी वाट विचारा. याच खोऱ्यातल्या एका आजींना मी विचारलं होतं की पाणी कुठून आणायचात. 'नदीवरनं,' म्हणाल्या, आणि गप्प बसल्या. मग विचारलं, हंडा घेऊन घरी येताना पहिलं घर कोणाचं लागायचं? आजींचा उजवा हात आपसूक वर गेला, डोक्यावरचा हंडा धरायला जातो तसा, आणि त्या बोलत सुटल्या. पहिलं सुताराचं, त्याच्या अंगणात लाकडाची ढलपी पडलेली, पायात टोचायची. पुढे चढ. पावसाळ्यात तो निसरडा, म्हणून फणसाच्या अंगानं वळसा घ्यायचा. त्या वळशावर धाकट्या जावेचा हंडा फुटला होता आणि दोघींनी मिळून सासूला काय सांगायचं ते ठरवलं होतं. आणि मग त्याच सुरात, आवाज न बदलता: 'त्याच वळशाला मोजणीवाल्यांनी खुंटी ठोकली. आम्ही चार दिस तिला वलांडून जात हुतो, कुणी उपटली न्हाई.' विस्थापनाबद्दल मी एक शब्द विचारलेला नव्हता.

म्हणून प्रश्नांची यादी करताना विषय लिहू नका, वाटा लिहा. घरापासून विहिरीपर्यंत, शाळेपर्यंत, देवळापर्यंत, स्मशानापर्यंत, बाजारापर्यंत. मोठा कागद जमिनीवर पसरा आणि त्यावर गाव मांडायला सांगा. पेन हातात द्याल तर बऱ्याच जणी संकोचतात. शेंगा, खडे, काड्यापेट्या असं काहीही चालतं. नदी कुठली ते एकदा ठरलं की घरं भराभर येतात. दोन-तीन जणांना एकत्र बसवलंत तर भांडणं होतील, ती होऊ द्या. मारुतीचं देऊळ ओढ्याच्या अलीकडे की पलीकडे, या वादात एकट्याच्या मुलाखतीत कधीच न येणारी माहिती निघते. मांडणी पूर्ण झाली की वरून फोटो काढा. कॅमेऱ्याने टिपायचं पहिलं दृश्य हे आहे.

स्त्रिया आणि पुरुष यांच्या मुलाखती वेगळ्या घ्या, आणि स्त्रियांना जास्त वेळ द्या. हे मी न्याय म्हणून सांगत नाही, माहिती त्यांच्याकडेच आहे म्हणून सांगतोय. जावळी-पाटणचे कितीतरी पुरुष त्या काळात मुंबईला गिरणीत किंवा गोदीत-बंदरावर हमालीला होते. माथाडी कामगारांची चळवळ याच पट्ट्यातल्या माणसांवर उभी राहिली. गाव उठलं तेव्हा घरात होत्या त्या बायका, म्हातारी माणसं आणि पोरं. घराचे वासे कोणी उतरवले, कौलं मोजून कोणी घेतली, जातं सोबत आणलं की टाकून दिलं, गुरं विकली की चालवत नेली, नव्या जागी पहिला पावसाळा कशाखाली काढला, हे विचारा. गावदेवाचं काय केलं तेही विचारा. तांदळा, म्हणजे देव म्हणून पुजलेला अनघड दगड, उचलून नेला की तिथेच ठेवला, कोणी उचलला, कौल लावला होता का? आणि आजींना ओव्या येतात का, हे जरूर विचारा. हेमा राईरकर आणि गी पॉयत्वाँ या अभ्यासकांनी मुळशी-मावळपासून सुरुवात करून जात्यावरच्या एक लाखावर ओव्या गोळा केल्या. गावोगावच्या बायकांनी स्वतःचा इतिहास कुठे साठवून ठेवला होता, ते त्या संग्रहावरून कळतं. धरणावरची ओवी मिळेलच असं नाही. माहेरच्या वाटेची मिळाली तरी ती त्या खोऱ्याचीच आहे.

तारखांच्या गोंधळाने घाबरू नका, आणि बोलणाऱ्याला मध्येच दुरुस्तही करू नका. साल विचारूच नका, 'आधी की नंतर' विचारा. त्या पिढीच्या आठवणीत काही पक्के खुंट आहेत: १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलं ते, १९६२ चं चीनचं युद्ध, १९६७ चा भूकंप, १९७२ चा दुष्काळ. 'पानशेत फुटलं तेव्हा तुम्ही वर होता की इकडे आला होता?' या प्रश्नाला सरळ उत्तर मिळतं. एक मात्र लक्षात असू द्या. भूकंप इतका मोठा होता की त्याने आजूबाजूच्या आठवणी स्वतःकडे ओढून घेतल्या आहेत. पाण्यामुळे सोडलेलं घर कधीकधी भूकंपामुळे सोडलं म्हणून सांगितलं जातं. आणि दोघांच्या तारखा जुळल्या नाहीत तर दोघेही खरे असू शकतात, कारण गाव एका दिवशी उठलंच नाही. काही घरं आधी गेली, काही पाणी अंगणाला लागेपर्यंत थांबली आणि काही गेलीच नाहीत, ती डोंगराच्या अंगाला वर सरकली.

ही वर सरकलेली माणसं तुमच्या प्रश्नात कुठेच नाहीत, आणि मला त्यांची काळजी वाटते. तुमचं कुटुंब रायगडला आलं म्हणून तुमची फिल्म साहजिकच खाली उतरलेल्यांच्या मागे जाईल. जे वर राहिले त्यांच्या भोवती १९८५ साली कोयना अभयारण्य झालं आणि २०१० साली सह्याद्री व्याघ्र प्रकल्प. पाण्याने एकदा हललेल्या माणसांपुढे पुन्हा उठण्याचा प्रश्न आला, या वेळी जंगलासाठी. तुमच्याच भावकीतलं एखादं घर तिकडे असेल. ते शोधा. एकाच वंशावळीच्या दोन फांद्या, एक खाली भातशेतीत आणि एक वर जंगलात, ही तुमच्या फिल्मची रचना होऊ शकते.

कागदपत्रांत मात्र तुम्हाला वाटतंय त्यापेक्षा बरंच काही सापडेल, शोधताना जुनी नावं वापरलीत तर. १९४९ ते १९६० या काळात तुमचं गाव 'उत्तर सातारा' जिल्ह्यात होतं. जिथे आलात तो रायगड जिल्हा १९८१ पर्यंत 'कुलाबा' होता. ठाण्यात गेलेल्यांपैकी काहींचा जिल्हा २०१४ पासून पालघर झाला आहे. दप्तरात बसलेला कर्मचारी आजच्या नावाने शोधतो आणि 'काही नाही' म्हणून सांगतो. तुम्ही जुनं नाव लिहून न्या. १९५१ च्या जनगणनेची जिल्हा पुस्तिका पाहा. त्यात गावनिहाय लोकसंख्या आणि घरं आहेत, म्हणजे बुडण्याआधीच्या गावाची ती छापील हजेरी आहे. भूमी अभिलेख कार्यालयात गावनकाशा मागा, तलाठ्याकडे आणि तहसीलमध्ये जुने फेरफार मागा. पुनर्वसन कार्यालयाकडे संकलन रजिस्टर, म्हणजे उठलेल्या कुटुंबांची नोंदवही असते. सगळ्यात मोलाचा कागद म्हणजे भूसंपादनाचा निवाडा. १८९४ च्या कायद्याखाली जमीन घेताना मोबदला ठरवायला घर, विहीर, झाडं यांचंही मूल्यांकन व्हायचं. कोणाच्या नावावर किती आंबे आणि किती फणस होते, ते एखाद्या निवाड्यात ओळीने लिहिलेलं सापडतं. ती यादी आजींसमोर वाचून दाखवा आणि ध्वनिमुद्रण चालू ठेवा. तोंडी मागून कागद मिळाला नाही तर माहिती अधिकारात अर्ज करा, गावाचं नाव, तालुका आणि अंदाजे सालं नेमकी लिहून.

पण निवाडा हा मालकांचा कागद आहे. कुळाचं नाव त्यात असेलच असं नाही. ज्याच्याकडे जमीनच नव्हती तो सुतार, मोलमजुरी करणारं दलित कुटुंब, रानात गुरं चारणारा धनगरवाडा, यांचा तिथे मागमूस लागत नाही. आणि आजींच्या पाण्याच्या वाटेवर पहिलं घर त्या सुताराचंच होतं. कागदांनी ज्यांना सोडलं त्यांना तुमच्या फिल्मने सोडू नये. मांडलेला नकाशा आणि निवाडा शेजारी ठेवून पाहा. नकाशात असलेलं आणि निवाड्यात नसलेलं प्रत्येक घर टिपून ठेवा. त्या घरांचे वंशज शोधायला सगळ्यात जास्त कष्ट पडतील, तरी ते कष्ट घ्या.

फोटो नाहीत म्हणता, तर आधी मुंबईच्या खोल्यांमध्ये शोधा. गावात कॅमेरा नव्हता, पण मुंबईत स्टुडिओत जाऊन फोटो काढण्याची हौस होती. लग्नाचे मोजके फोटो असतील, त्यातल्या माणसांपेक्षा मागची भिंत, दरवाजा, ओटा पाहा. मूळ फोटो कुणाच्याही घरातून बाहेर नेऊ नका. छोटा स्कॅनर सोबत न्या, निदान ६०० डीपीआयला स्कॅन करा, मागची बाजूही करा, कारण तारीख आणि शिक्का तिथे असतो. फिल्म्स डिव्हिजनचा जुना संग्रह आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे, तिथे त्या काळातल्या प्रकल्पांच्या वृत्तचित्रांची चौकशी करा. मिळालं तर सावधपणे वापरा. त्या काळच्या प्रकल्प-चित्रणाची नजर बांधकामाची आहे: यंत्रं, पाहुणे, भिंत. त्यावर आजींचा आवाज नुसता लावून दिला तर चित्र आवाजाला गिळून टाकतं.

नट घेऊन प्रसंग उभे करण्याबद्दल माझं मत स्पष्ट आहे: करू नका. बैलगाडीत सामान भरणारं कुटुंब तुम्ही चांगलं चित्रित केलंत तर प्रेक्षकाच्या लक्षात तेच राहील, आजी काय म्हणाल्या ते नाही. दहा वर्षांनी कुणीतरी त्यातलं एक चित्र उचलून 'कोयनेचे विस्थापित, १९६१' म्हणून छापेल. हाच धोका हल्ली संगणकाकडून बनवून घेतलेल्या 'जुन्या' फोटोंचा आहे, आणि तो जास्त मोठा आहे. ज्या गावाचा खरा फोटो एकही नाही, त्याचा पहिला फोटो खोटा असावा, हे मला सहन होत नाही. हाताने काढलेली रेखाटनं चालतील, कारण ती रेखाटनं आहेत हे पाहणाऱ्याला कळतं. आजींच्या सांगण्यावरून चित्रकाराने काढावं, आजींनी 'असं न्हवतं' म्हणून दुरुस्त करावं, आणि ते दुरुस्त करणंही फिल्ममध्ये यावं.

जागेवर जायचं तर एप्रिल-मे मध्ये जा, पाणी सगळ्यात खाली असतं तेव्हा. बामणोली-तापोळ्याकडून बोटी मिळतात. जलाशयाच्या काठचा बराच भाग अभयारण्यात आहे, चित्रीकरणाला वनखात्याची लेखी परवानगी घ्या. धरणाच्या भिंतीचं चित्रीकरण परवानगीशिवाय करू नका, आणि ड्रोन २०२१ चे ड्रोन नियम वाचल्याशिवाय पेटीतून काढू नका. म्हाताऱ्या माणसांना सोबत न्यायचा मोह होईल. त्यांनी स्वतःहून म्हटलं तरच न्या, घरच्यांना विचारून, बोटीत अंगात लाइफ जॅकेट घालून. त्यांना काठावर उभं करून रडण्याची वाट पाहणारा कॅमेरा मी पाहिलाय आणि तो मला क्रूर वाटतो. घरी बोलतानाही कोणी रडलं तर चौकट बदलू नका, जवळ जाऊ नका, पुढचा प्रश्न टाकू नका. थांबा. आणि त्या रडण्यावर बैठक संपवू नका. चहा होऊ द्या, नातवंडांचं विचारा, मग उठा. दुसऱ्या दिवशी चौकशी करायला जा, यंत्र न घेता.

यंत्राबद्दल एवढंच: पैसा मर्यादित असेल तर तो माइकवर घाला. कॉलरचा बरा माइक आणि वेगळा रेकॉर्डर, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, वेव्ह फाइल. पंखा आणि फ्रिज बंद करायची विनंती करा, आणि निघताना फ्रिज चालू करून द्या. प्रत्येक मुद्रणाच्या सुरुवातीला तारीख, ठिकाण, बोलणाऱ्याचं नाव, मूळ गाव, माहेर हे स्वतःच्या आवाजात बोला. फाइलचं नाव बदललं तरी आवाज ओळख देतो. त्याच रात्री दोन प्रती काढा, तिसरी दुसऱ्या घरी ठेवा.

संमती मराठीत आणि तीन वेगवेगळ्या गोष्टींसाठी घ्या: फिल्ममध्ये वापरायला, संग्रहात ठेवायला, सगळ्यांना ऐकायला द्यायला. बऱ्याच जणी पहिल्या दोन्हींना हो म्हणतात आणि तिसरीला नाही, आणि त्याला कारण असतं. भावकीतले जमिनीचे वाद अजून जिवंत आहेत, मोबदल्याचे दावे चालू आहेत. कॅमेऱ्यावर सांगितलेलं एक वाक्य उद्या कोणीतरी कचेरीत नेऊ शकतं. 'हे वाक्य काढा' असं म्हणण्याचा हक्क शेवटपर्यंत त्यांच्याकडे राहू द्या. आणि प्रत्येक घराला त्यांच्या माणसाची संपूर्ण मुलाखत पेन ड्राइव्हवर द्या, फिल्म होवो न होवो.

पैशासाठी कलाप्रकल्पांना अनुदान देणाऱ्या बंगळुरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सकडे पाहा, तिथे अर्ज मराठीतही करता येतो. पण हातात काही तासांचं चांगलं मुद्रण आणि एक मांडलेला नकाशा असल्याशिवाय अर्ज करू नका. कागदावरच्या कल्पनेपेक्षा तीन मिनिटांचा आवाज जास्त पटतो.

पहिली मुलाखत आजींचीच घ्या, पण प्रश्न तुम्ही एकट्याने विचारू नका. नातीशी बोलताना त्या 'तुला ठावं हायेच की' म्हणून निम्मं गाळतील. दुसऱ्या घरातलं, त्यांच्याच वयाच्या जवळचं कोणीतरी शेजारी बसवा, ज्यांचं गाव वेगळं होतं. आजी त्यांना आपलं गाव पहिल्यापासून समजावून सांगतील. दोन तासांच्या वर बसवू नका. पुन्हा जा, पुन्हा जा. वर राहिलेल्या नातेवाइकांची नावं पहिल्याच बैठकीत विचारून लिहून घ्या, म्हणजे उन्हाळ्यात तिकडे जाल तेव्हा कोणाच्या दारात उभं राहायचं ते ठरलेलं असेल.